बुडवाबुडवी

मासा जन्मभर पाण्यात बुडालेला असतो. त्याला खटपट करून बाहेर काढायचं, खवलं उडवायची, आगळ-हळद-मीठ लावून मुरवायचं, रव्यात घोळवून कुरकुरीत तळायचं आणि एवढं सगळं झाल्यावर पुन्हा कशात तरी बुडवायचं, ही कल्पना ज्या कुणाला प्रथम सुचली त्याच्याविषयी माझ्या आईचं मत छापण्याजोगं नाही. ते मालवणीत आहे, आणि मालवणीतली ठाम मतं छापायची नसतात, लांबून ऐकायची असतात.

तसा आमच्याकडेही मासा बुडतो. बांगडा तिखल्यात बुडतो, सरंगा नारळाच्या रसात बुडतो. पण ते एकदाच आणि कायमचं. तळलेल्या तुकडीची जात वेगळी. ती कोरडी येते आणि कोरडी खाल्ली जाते. फार तर शेजारी लिंबाची फोड बसते, तीही पुष्कळ घरांत जशी आली तशीच परत जाते. सोलकढीची वाटी असते, पण ती प्यायची. तिच्यात कुणी सुरमईची तुकडी बुडवताना दिसला, तर त्या घराशी सोयरीक करण्याआधी माणसं आणखी दोन ठिकाणी चौकशी करतील.

त्यामुळे आषाढातल्या एका रविवारी माझ्या भाच्याने तळलेल्या कोळंबीच्या ताटाकडे बघत “मामा, डिप कुठाय?” असं विचारलं, तेव्हा आमच्या डोंबिवलीच्या स्वयंपाकघरात झारा कढईवरच थांबला. भाचा हॉटेल मॅनेजमेंट शिकतो. दुसऱ्या वर्षाला आहे. पहिल्या वर्षी त्यांना कांदा कापायला शिकवतात आणि दुसऱ्या वर्षी आजीला शिकवायला.

“कसलां डिप?” आईने विचारलं.

“गोड आणि स्मोकी, आजी. सीफूडबरोबर तेच जातं.”

“माशाक गोड?”

एवढंच म्हणाली. पण ज्यांनी तिला हॉटेलात सोलकढीचा पहिला घोट घेताना पाहिलंय, त्यांना या दोन शब्दांतला धोका कळेल. सोलकढीत साखर लागली की ती वाटी बाजूला सारते आणि मालकाला बोलावते. तो कुठल्या गावचा, कुठल्या वाडीतला, आजोळ कुठलं, हे सगळं शांतपणे विचारून घेते. साखरेचं नाव काढत नाही. मालकाला शेवटपर्यंत वाटत राहतं की आजींना पदार्थ आवडला.

एरवी हा प्रस्ताव तिथेच बुडाला असता. पण दिवस बंदीचे होते. आपल्या पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै असे ६१ दिवस यांत्रिक बोटींना मासेमारी बंद असते. विणीचा हंगाम आणि खवळलेला समुद्र, दोन्ही कारणं चोख आहेत आणि आई दोन्हींचा मान राखते. तिची तक्रार वेगळी आहे. श्रावण तोंडावर आला म्हणून पंचांग म्हणतं, खाऊन घ्या. त्याच वेळी सरकार म्हणतं, पकडू नका. या दोघांनी एकदा समोरासमोर बसून बोलायला काय हरकत होती?

या दोन महिन्यांत बाजारात हमखास मिळते ती वनामी कोळंबी. तिचं मूळ घर पॅसिफिकच्या पूर्व किनाऱ्यावर, मेक्सिकोपासून पेरूपर्यंत. आपल्याकडे २००९ पासून तिची शेती सुरू झाली आणि आज परदेशी जाणाऱ्या आपल्या कोळंबीत सगळ्यात मोठा भरणा तिचाच असतो. तळ्यात वाढते, तयार खाद्य खाते, बंदीबिंदी तिला ठाऊक नाही. सगळ्या एका मापाच्या, दिसायला देखण्या, स्वभावाने गरीब आणि चवीने अबोल. आईने एक चावली, दुसरी चावली आणि निकाल दिला, “हिका समुद्र म्हायतच नाय.”

त्यानंतर घरात एक कायदा झाला. मी तो तिच्याच शब्दांत देतो, कारण या विषयावर याहून नेमकं काही मी कुठल्या पाकशास्त्राच्या पुस्तकात वाचलेलं नाही. “जेका चव आसा तेका कशातव बुडवू नको. आणि जेका चवच नाय, तेका खंयव बुडव. माजा काय जाता!”

म्हणजे वनामीला परवानगी मिळाली. भाच्याने जागच्या जागी पोटकलमं मागून घेतली. माकुलाच्या चकत्यांना सूट मिळाली, कारण माकूल आई मुळात माशांत धरत नाही. बोंबील वादग्रस्त ठरला. त्याला तळण्याआधी वजनाखाली दाबून त्याचं पाणी काढण्यात तासभर घालवायचा आणि मग सगळी मेहनत वाटीत घालवायची, हे तिला पटेना. पापलेटचा विषय निघालाच नाही. २०२३ साली महाराष्ट्राने रुपेरी पापलेटला राज्य मासा म्हणून घोषित केलं. आईला ती बातमी वाचून दाखवली तेव्हा ती म्हणाली होती, इतक्या उशिरा? अशा माशाला सॉस लावण्याबद्दल विचारायची भाच्याची प्राज्ञा नव्हती.

भाच्याने फोनवर एक बाटली शोधून दाखवली. बाटली अंगठ्याएवढी, किंमत अर्ध्या पापलेटएवढी. घटकांची यादी वाचली: साखर, पाणी, व्हिनेगर, घट्टपणासाठी काहीतरी, टिकण्यासाठी काहीतरी आणि शेवटून दुसऱ्या जागी ‘धुराचा स्वाद’. मी म्हटलं, हे तर घरी करता येईल.

“घरी म्हणजे कोण करणार, अहो?” बायकोने विचारलं. चौकशी म्हणून.

धुराचा स्वाद बाटलीत कसा शिरतो, हे भाच्याच्या अभ्यासक्रमात होतं. १८९५ च्या सुमारास अमेरिकेत कॅन्सस सिटीतल्या राइट नावाच्या औषधविक्याने लाकडाचा धूर थंड करून, त्याचं पाणी करून, ते बाटल्यांतून विकायला सुरुवात केली. मांस खारवून चार-चार दिवस धुरी द्यायला ज्यांना वेळ नव्हता, त्यांनी ते उचलून धरलं. अजूनही खपतं.

आईने हे नीट ऐकून घेतलं. “धुराचा पाणी? ता माज्या डोळ्यांतसून चाळीस वर्सां व्हावला. तेव्हा खाली बाटली धरूक कोण इलो नाय.”

भाचा थोडा वरमला, पण विद्यार्थी हाडाचा. त्याने स्पेन काढला. तिथे एस्त्रेमादुरा प्रांतात ला व्हेरा नावाचा भाग आहे. मिरची तयार होते त्या हंगामातच तिथे पाऊस लागतो, उन्हात वाळवायची सोय नाही. म्हणून ते लोक दुमजली वाळवणघरात खाली ओकच्या लाकडाची मंद धग ठेवतात आणि वरच्या फळ्यांवर मिरची पसरतात. १०-१५ दिवस रोज हाताने उलथीपालथी करतात, मग दळतात. ती लाल धुरकट पूड जगभर जाते. मेक्सिकोत हालापेन्यो मिरची झाडावर पिकून लाल झाली की धुरात सुकवतात, तिला चिपोट्ले म्हणतात. आपली ब्याडगी बिचारी उघड्या उन्हात वाळते. रंग देते, सुरकुत्या देते, धूर देत नाही.

यातली पावसाची गोष्ट आईला एकदम पटली. पाऊस आहे म्हणून धूर, हे कोकणातल्या माणसाला वेगळं सांगावं लागत नाही. आमच्या गावच्या घरी चुलीच्या वर जे काही टांगलेलं असायचं, ते सगळं पावसाच्या भीतीने तिथे गेलेलं असायचं. सुके बांगडे, सोडे, बेगमीची आमसुलं, पुढच्या वर्षीचं बियाणं. धुराने किडा लागत नाही आणि दमट हवा लांब राहते. तिथे धूर हा स्वाद नव्हताच, हवामान होतं. आम्ही शाळेत गेलो की आमच्या वह्यांनाही तो वास यायचा. सुका बांगडा निखाऱ्यात भाजून पेजेबरोबर खाताना त्याला ‘स्मोकी’ म्हणून पदवी द्यावी असं कुणालाही वाटलं नाही.

मग गॅस आला आणि आईने चुलीकडे वळून पाहिलं नाही. हमरस्त्यावर ‘चुलीवरचं मटण’, ‘चुलीवरची भाकरी’ अशा पाट्या लागतात, तिथे गाडी थांबवायचं मी सुचवलं की ती म्हणते, तुम्ही जेवा, मी गाडीत बसते. चुलीविषयीची हळहळ ज्यांनी फुंकणी फुंकली नाही त्यांची असते, असं माझंही मत होत चाललं आहे. पाट्या रंगवणारे सगळे पुरुष असतात हे तर दिसतंच.

तर प्रश्न असा की तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये, पाइपच्या गॅसवर, धूर आणायचा कुठून? उत्तर सोपं वाटलं: एक निखारा. निखाऱ्याला कोळसा लागतो. आणि डोंबिवलीत कोळसा मागायला निघालं की आपलं वय कळतं.

इस्त्रीवाल्याकडे गेलो. त्याच्या टेबलाखाली सिलिंडर होता आणि नळी थेट इस्त्रीत गेलेली. कोळसा म्हटल्यावर त्याने माझ्याकडे, मी आणलेल्या कपड्यांकडे आणि पुन्हा माझ्याकडे पाहिलं. बेकरीचा विचार केला, पण तिथेही वारा उलटा वाहतोय. मुंबईत २०२५ साली बेकऱ्यांना लाकूड-कोळशाच्या भट्ट्या सोडून स्वच्छ इंधनाकडे वळायला सांगितलं गेलं. अख्खं महानगर पावातून धूर बाहेर काढण्याच्या खटपटीत असताना मी तो कोळंबीत घालायला निघालो होतो. पूजासाहित्याच्या दुकानात धुपाचे गोल कोळसे होते. काडी लावली की लगेच पेटतात.

“कुठल्या देवाचं?” दुकानदाराने पुडी बांधता बांधता विचारलं.

“कोळंबीचं,” भाचा म्हणाला.

पुडी तिथेच राहिली. तशी ती घ्यायचीही नव्हती. हे कोळसे इतक्या चटकन पेटतात ते त्यात सोरा मिसळलेला असतो म्हणून, आणि अन्नाला धुरी द्यायला ते कामाचे नाहीत. ही माहिती मात्र रस्त्यावर आल्यावर भाच्याने दिली.

कणीसवाल्याकडे खरा कोळसा होता. पण पावसाची सर आली होती, गिऱ्हाईक दाटलं होतं, आणि दोन कणसं घेऊन खाऊन झाल्यावर त्याने जो तुकडा दिला तो खिशातून घरी येईपर्यंत भुकटी झाला.

आई दारातच उभी होती. हातात नारळाची करवंटी. “गावभर कित्याक फिरतास? करटी घरात आसा.”

आणि होतीच. ज्या घरात रोज नारळ फुटतो तिथे करवंटीची टंचाई असूच शकत नाही. बाल्कनीत कुंड्यांच्या मागे तिने एक पोतं भरून ठेवलं होतं. कशासाठी, हे आम्ही कधी विचारलं नव्हतं. आता भाच्याने पुस्तक काढून सांगितलं की करवंटी म्हणजे धुराची उत्तम खाण. तिच्यात लिग्निन भरपूर असतं. लिग्निन तापून मोडलं की त्यातून ग्वायाकॉल, सिरिंगॉल अशी मंडळी सुटतात, आणि आपण ज्याला धुरकट चव म्हणतो ती बरीचशी यांचीच करामत. पूर्ण जळून कोळसा झालेल्या तुकड्यात नुसता कार्बन उरतो, तो उष्णता देतो पण वास फारसा देत नाही. म्हणून धुंगार देताना निखाऱ्यावर तूप किंवा तेल सोडतात. धूर येतो तो त्या तेलाचा. निखारा फक्त काडी लावतो.

आता सॉस. चौघांपुरता होईल एवढं सांगतो.

लालबुंद पिकलेले ४ टोमॅटो आणि १ कांदा सालीसकट थेट गॅसच्या ज्योतीवर धरायचे, काळे पडेपर्यंत. बर्नर खराब होतो. तो पुसण्याची जबाबदारी आधी ठरवून घ्यावी, नंतर ठरत नाही. लसणाच्या ८ पाकळ्या तव्यावर भाजायच्या. ६ ब्याडगी मिरच्या बिया काढून कोमट पाण्यात. तिखट हवं असेल तर जोडीला २ संकेश्वरी. आमसुलं ८-१०, वेगळ्या वाटीत अर्धा कप पाण्यात अर्धा तास भिजवून कुस्करायची. आमसुलांना मीठ लावलेलं असतं, म्हणून मिठाचा हात अगदी शेवटी आणि चाखून. काळी सालं निम्मी काढायची, निम्मी ठेवायची, सगळं बारीक वाटायचं आणि गाळायचं. गाळण्याबद्दल भाचा फार आग्रही होता. आईच्या मते जे गाळणीत उरलं तीच खरी चटणी होती, आणि तिने ती एका वाटीत काढून स्वतःच्या बाजूला सरकवून ठेवली.

गोडासाठी भाचा मध म्हणत होता, मी कोल्हापुरी गूळ काढला. आई काही बोलली नाही, फळीवरच्या डब्यातून तिने काळपट ढेप काढून ठेवली. माडाचा गूळ. मेहुणीने म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून आणलेला. रेंदेर माडावर चढतो, पोय कापून मडकं बांधतो, त्यात उतरलेली सूर आंबायच्या आत लाकडाच्या जाळावर आटवतात. तासन् तास. त्या आटण्यात जाळाचा धूर गुळात उतरतो, शिवाय किंचित खारटपणाही असतो. म्हणजे आम्ही दिवसभर जे शोधत वणवण केली ते गोड आणि धुरकट दोन्ही गुण एका ढेपेत एकत्र होते, फळीवर, पोह्यांच्या डब्याच्या मागे. ही गोष्ट तिला सकाळपासून ठाऊक होती. सांगितली का नाही, असं विचारल्यावर म्हणाली, तुम्ही विचारलंत कुठे, तुम्ही तर शिकवत होतात.

सुमारे ६० ग्रॅम गूळ किसून घातला, आमसुलाचं पाणी घातलं, मंद आचेवर ठेवलं. रंग बघता बघता जांभळट तपकिरी झाला. गुळाचा पाक निवताना घट्ट होतो, म्हणून पळीवर जरा पातळ वाटतोय तोच उतरवायचा. उतरवण्याआधी आईने माझ्या नजरेआड दोन तिरफळं ठेचून टाकली आणि पाच मिनिटांनी काढूनही घेतली. तिरफळ वाटायचं नसतं, वास देऊन निघून जायचं असतं. जिभेला मुंग्या आणणाऱ्या ज्या चिनी मिरीसाठी भाच्याचे मास्तर हळवे होतात, तिची ही सख्खी चुलतबहीण. बाल्कनीतल्या करवंट्यांसारखीच आपल्याकडे पडून असलेली.

धुंगार शेवटी. आधी दिला तर उकळताना वास उडून जातो. करवंटीचा तुकडा चिमट्यात धरून पेटवला, ज्वाळ विझून लाल झाला तसा स्टीलच्या छोट्या वाटीत ठेवला, वाटी पातेल्यात सॉसवर तरंगत ठेवली. भाचा तुपाचा डबा घेऊन आला. आईने तो परत पाठवला आणि खोबरेलाचे चार थेंब सोडले. भस्सकन् पांढरा धूर उठला आणि झाकण बसलं. चार मिनिटं. जास्त ठेवलं की चव कडवट होते आणि मग कितीही गूळ घाला. खिडक्या सताड उघड्या ठेवाव्यात हे सांगायलाच हवं. बंद खोलीत निखारा ठेवला की कार्बन मोनॉक्साइड साचतो आणि त्याला वास नसतो. आमच्या सोसायटीत वास नसलेली ती बहुधा एकमेव गोष्ट, आणि नेमकी तीच जिवावर उठणारी.

तेवढ्यात बेल वाजली.

वरच्या मजल्यावरच्या काकू. शाकाहारी आहेत, पण समंजस. बुधवार-शुक्रवार-रविवार त्यांच्या खिडक्या साडेअकराला बंद होतात आणि दोन वाजता उघडतात. या वेळापत्रकाबद्दल दोन्ही घरांत कधी एक शब्द निघालेला नाही. आज रविवार असून त्या खाली उतरल्या, म्हणजे प्रकरण गंभीर असणार असं समजून मी बायकोला पुढे केलं.

“होम आहे का?” काकूंनी विचारलं. चपला त्यांनी दाराबाहेर काढल्या होत्या.

नारळाची करवंटी, खोबरेल, गूळ, धूर. नाकाचा दोष नव्हता. बायकोने मागे वळून कढईतल्या कोळंबीकडे पाहिलं, पुन्हा काकूंकडे पाहिलं आणि म्हणाली, “छोटासाच. घरच्या घरी.”

काकूंनी तिथूनच हात जोडले आणि गेल्या.

खरा पेच जेवायला बसल्यावर उभा राहिला. सॉस मधोमध एका काचेच्या बाउलमध्ये, भोवती कोळंबी, अशी मांडणी भाच्याने फोटोसाठी केली होती. फोटो झाला. भाच्याने कोळंबी शेपटीला धरली, बुडवली, अर्धी खाल्ली आणि उरलेली अर्धी पुन्हा बाउलकडे नेली.

“थांब,” आई म्हणाली.

अर्ध्या वाटेवर हात थांबला. सॉसचा एक थेंब टेबलावर पडला.

“खाल्लेला परत सगळ्यांच्या वाटयेत?”

इथे सगळ्या पाश्चात्त्य बुडवाबुडवीचा पाया डळमळतो. एका वाटीत चौघांनी दातांनी तोडलेलं अन्न फिरवायचं, ही प्रथा आपल्याकडे रुजणं कठीण आहे. त्यांच्याकडेही ती नीटशी रुजलेली नसावी, कारण दुसऱ्यांदा बुडवणाऱ्याला तिथेही नावं ठेवतात असं भाच्याने कबूल केलं. उष्ट्या-खरकट्याचा कायदा आमच्याकडे माशाच्या कायद्याहून जुना आहे. उपाय निघाला तो असा की प्रत्येकाला स्वतंत्र वाटी. मग प्रत्येक वाटीला चमचा. मग हात पुसायला काहीतरी. मघाशी बर्नर, आता चार वाट्या. घरगुती सॉस बाटलीपेक्षा स्वस्त पडतो हा हिशेब भांडी घासणाऱ्याला विचारून करावा.

चव? चांगली होती. आधी गूळ येतो, मग आमसुलाची आंबट धार, मग मिरची, आणि सगळं गिळून झाल्यावर घशाशी धूर. वनामीला प्रथमच काहीतरी बोलायला मिळालं. एक मात्र खरं, रव्याला ओल सोसत नाही. बुडवलं की लगेच तोंडात गेलं पाहिजे. वाटीत कोळंबी सोडून गप्पा मारत बसणाऱ्यांसाठी हा पदार्थ नाही. आमच्याकडे मासे खाताना कुणी बोलत नाही, तेव्हा ती अडचण आली नाही. माकुलाच्या चकत्यांना तर सॉस इतका शोभला की त्या निमित्ताने माकुलाला निदान पाहुणा मासा म्हणून मान्यता मिळाली.

भाच्याने याच वेळी केचपचा इतिहास काढला. केचप मूळचं टोमॅटोचं नाहीच. दक्षिण चीन आणि आग्नेय आशियात मासे मिठात मुरवून जो खारट रस काढत, त्याच्या नकलेतून इंग्रजांनी ते केलं. पुढे कधी मशरूम, कधी अक्रोड असं करत करत १८१२ साली फिलाडेल्फियाच्या जेम्स मीझ यांनी टोमॅटोची कृती छापली. थोडक्यात, सॉस हा माशाचाच वंशज.

“म्हणजे माशाक माशातच बुडवतास,” आई म्हणाली आणि गाळणीतला चोथा भाताला लावून घेतला. सॉसला तिने बोट लावलं नाही. म्हणजे आमच्यादेखत लावलं नाही. संध्याकाळी पातेल्याच्या कडेवर एका बोटाची स्वच्छ वाट निघालेली होती.

उरलेला सॉस बरणीत भरताना नवा प्रश्न आला. दुसरा दिवस सोमवार. हा सॉस वशाट की शिवराक? कोळंबीसाठी केला, पण कोळंबी त्यात गेलेली नाही. वाट्यांतला उरलेला सरळ फेकला होता. बरणीतला पातेल्यातून थेट आलेला. बायकोचं मत: साहित्य बघा, हेतू बघू नका. भाच्याचं मत: पातेलं कुठल्या कढईशेजारी होतं हे बघा. शेवटी बरणी फ्रिजच्या वरच्या कप्प्यात, दुधाच्या शेजारी गेली. आमच्या घरात एखाद्या पदार्थाचं चारित्र्य शुद्ध ठरलं की त्याला तिथे जागा मिळते. गूळ आणि आमसुलाच्या आंबटपणामुळे आठवडाभर सहज टिकतो, कोरडा चमचा वापरलात तर.

सोमवारी सकाळी काकू पुन्हा आल्या. होमाचा प्रसाद राहिला होता.

बायको क्षणभरही गडबडली नाही. तिने बरणी दिली, आणि वर प्रामाणिकपणे सांगितलं की यात कांदा-लसूण आहे. काकूंचा चातुर्मास कांद्यापुरता नसतो, फक्त वांग्यापुरता असतो, त्यामुळे अडलं नाही. घटक काय काय, हेही तिने सगळे सांगितले. त्यात समुद्राचं म्हणाल तर फक्त मीठ होतं.

चौथ्या दिवशी बरणी परत आली, घासूनपुसून, रिकामी देऊ नये म्हणून तळाशी मूठभर साखर घातलेली. थालीपिठाबरोबर संपली म्हणाल्या. जिना चढता चढता थांबल्या आणि वाकून विचारलं, “पुढचा होम कधी?”

“श्रावण संपला की लगेच,” बायको म्हणाली.